बुरडीणबाईचं सूप: घ्यावं का?

नागभीडच्या बाजारात बुरडीणबाईकडून दीडशेला सूप घेतलं. आमच्याकडे बुरडीण म्हणजे नुसती जात नाही, बांबूवर जिचा हात बसला ती. कारागीर वगैरे पेपरवाल्यांचे शब्द! वीण बघा: बांबूच्या हिरव्या पाठीच्या पट्ट्या इतक्या एकसारख्या सोललेल्या, की बोट फिरवलं तरी कूस लागत नाही. तुरीची डाळ पाखडली, फोलपट पुढे उडालं, डाळ मागे राहिली. प्लॅस्टिकच्या सुपात ती नुसती घसरते. काठाच्या तारेचं टोक मात्र बाहेर होतं, पक्कडीनं दाबावं लागलं. वापरण्याआधी शेणाचा न् भिजल्या मेथीचा हात फिरवून वाळवा, नाहीतर फटीतून तीळ गळतात. कोंबड्या झाकायची डाल, म्हणजे मोठी टोपली, हवी तर आधी सांगून ठेवा, मापानं विणून देते. भाव पाडू नका बाप्पा.