चिमणीसाठी लाकडी पेटी, मडकं की पुठ्ठ्याचं खोकं?

आमच्या नात्यातल्या तीन घरांत तीन ठिकाणी घरटी आहेत. रत्नागिरीजवळ सासरी पडवीच्या वाशाला ठोकलेली सागाची पेटी, पुण्यात आमच्या तिसऱ्या मजल्यावरच्या बाल्कनीत तशीच दुसरी, आणि नागपूरला धाकट्या बहिणीच्या घराच्या भिंतीत बसवलेलं मडकं. तिन्हींत चिमण्यांनी पिल्लं वाढवली. पण त्याआधी पुण्याच्या बाल्कनीत लाल छपराची, छान रंगवलेली एक पेटी दोन वर्षं रिकामी लटकत होती. भोक दोन इंचांचं, भोकाखाली बसायला दांडी, आत ऑइल पेंट, तोंड पश्चिमेला, आणि साखळीवर टांगल्यामुळे वाऱ्यानं सतत झोके. त्यातली एकेक चूक कळायला मला बराच काळ लागला. घरटं घ्यायचं की करायचं, कशाचं करायचं, या विचारात असाल तर तो काळ तुमचा वाचावा, एवढ्यासाठी हे लिहिते आहे.

घरटं कशाचं, हा प्रश्न मी दुसऱ्या नंबरवर ठेवते. ते कोणासाठी आणि कुठे लावणार, हे आधी.

कोण येईल आणि कोण येणार नाही

पेटीत राहायला तेच पक्षी येतात जे मुळात ढोलीत, भिंतीच्या भोकात, वळचणीला घरटं करतात. आपल्या अंगणात असे मुख्य तीन: चिमणी, दयाळ आणि साळुंकी. बुलबुल झुडपाच्या फांदीत उघडी वाटी विणतो, शिंपी पानं शिवतो, शिंजीर लोंबतं घरटं करतो, होला चार काड्या कशाही रचतो. यांच्यापुढे कितीही चांगली पेटी ठेवा, ते ढुंकून पाहणार नाहीत. त्यांना मेंदी, जास्वंद, कर्दळ असं दाट काही लावून द्या. तांबट ढोलीतलाच पक्षी, पण त्याला स्वतः कोरलेली ढोली लागते. त्याच्यासाठी शेवग्याची किंवा पांगाऱ्याची वाळकी फांदी धोका नसेल तिथे तोडायची नाही, एवढंच करता येतं.

आता भोक. सगळा निकाल इथे लागतो, म्हणून यावर जरा थांबते. चिमणीला ३२ मिलिमीटर, म्हणजे सव्वा इंच पुरतं. आपलं दहा रुपयांचं नाणं २७ मिलिमीटरचं असतं. ते सहज आत पडेल आणि कडेला थोडी फट उरेल, एवढं भोक. दीड इंचापर्यंत चालतं. पावणेदोन-दोन इंचांवर गेलात की साळुंकी आत शिरते, आणि ती चिमणीला शेजारीसुद्धा नीट राहू देत नाही. बाजारातल्या बऱ्याच पेट्यांना मोठं भोक असतं, कारण ते दिसायला बरं दिसतं. अशी पेटी आधीच घेतली असेल तर फेकू नका. सव्वा इंच भोक पाडलेली लाकडाची छोटी चकती पुढून स्क्रूनं बसवा, झालं.

दयाळाचं गणित वेगळं. त्याला दोन ते अडीच इंचांचं भोक किंवा पुढची बाजू वरून अर्धी उघडी असलेली पेटी आवडते. मग तिथे साळुंकी येण्याचा धोका पत्करावा लागतो. चिमण्या घोळक्यानं राहतात, त्यामुळे त्यांच्या दोन-तीन पेट्या तीन-चार फुटांच्या अंतरानं लावणं फायद्याचं. दयाळ मात्र आपल्या हद्दीत दुसरा दयाळ खपवून घेत नाही. एका अंगणात एकच पेटी, तीही झाडाच्या सावलीत, पाच ते दहा फुटांवर. ज्यांच्याकडे झाडं असलेलं परसदार आहे त्यांनी दयाळाचा विचार जरूर करावा. मार्च-एप्रिलमधल्या पहाटे त्याची शीळ ऐकली की कशासाठी हे केलं ते समजतं.

लाकडी पेटी

माझं मत स्पष्ट आहे: कुठलं घ्यावं हे कळत नसेल तर साधी, न रंगवलेली लाकडी पेटी घ्या. पाऊण इंच जाडीची फळी ऊन अडवते आणि पावसाळ्यात आत कोरडं ठेवते. सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे ती उघडून साफ करता येते.

करायलाही अवघड नाही. सहा इंच रुंद आणि पाच फूट लांब अशी एकच फळी लागते. पाठ १४ इंच, पुढची बाजू ८, दोन्ही कडा (म्हणजे बाजूच्या फळ्या) पुढे ८ आणि मागे १० अशा तिरक्या कापलेल्या, छप्पर साडेआठ, तळ साडेचार. कडा पुढच्या आणि मागच्या फळीच्या मध्ये घेतल्या की आतला तळ साडेचार बाय सहा इंचांचा होतो. एका चिमणीच्या संसाराला तेवढा पुरे. भोक तळापासून निदान पाच इंच वर हवं, नाहीतर मांजराचा किंवा कावळ्याचा घाला थेट पिल्लांवर येतो. तळाला पाणी निघायला चार बारीक भोकं, छपराखाली हवेसाठी एक बारीक फट, आणि एक कड बिजागरीवर. पुढच्या फळीची आतली बाजू रंधा मारून गुळगुळीत करू नका. उलट करवतीनं आडव्या खाचा पाडा, पिल्लं त्यांना धरून वर चढतात. बाहेरची दांडी तर नकोच. चिमणीला तिची गरज नसते, कावळ्याला मात्र उभं राहायला ती सोयीची पडते.

लाकूड कुठलं? साग सगळ्यात टिकाऊ. नवा घ्यायची गरज नाही, सुताराकडे किंवा पुण्यात भवानी पेठेतल्या टिंबर मार्केटमध्ये जुन्या दारांचे, चौकटींचे तुकडे मिळतात. आमच्या दोन्ही पेट्या एका मोडलेल्या दाराच्या आहेत. पॅकिंगच्या खोक्यांची पाइनची फळी स्वस्त आणि हलकी असते, छपराखाली छान चालते, पण उघड्यावर कोकणचा पाऊस तिला झेपत नाही. प्लायवुड वापरायचंच तर मरीन प्लाय. साध्या प्लायचे पापुद्रे एका पावसाळ्यात सुटतात. एमडीएफच्या, म्हणजे लाकडाचा भुसा दाबून केलेल्या फळीच्या पेट्या मात्र घेऊ नका. भेटवस्तू म्हणून त्या बऱ्याच वाटल्या जातात, पण भिजलं की एमडीएफ फुगतं आणि भुगा होतो. कधीकधी पिल्लं आत असतानाच.

मडकं

मडक्याबद्दल मला मनापासून प्रेम आहे. मातीच्या भिंती आणि कौलं होती तोवर चिमणीला कोणी मुद्दाम जागा द्यावी लागत नव्हती. तुळईच्या फटीत, वळचणीला, भिंतीवरच्या तसबिरीमागे ती आपली आपण राहत होती. काँक्रीटच्या सपाट भिंतीनं ते सगळं मिटवलं. मडकं हा त्या जुन्या भिंतीच्या सगळ्यात जवळ जाणारा पर्याय.

पण टांगलेलं मडकं आणि भिंतीत बसवलेलं मडकं या दोन निराळ्या गोष्टी आहेत. टांगलेलं मडकं झुलतं, उन्हात भट्टीसारखं तापतं, तोंड मोठं असेल तर कोणीही शिरतं, आणि जोराच्या वळवाच्या पावसात भिंतीवर आपटून फुटतं. टांगायचंच असेल तर कुंभाराला सांगून पोटाला सव्वा इंचाचं भोक असलेलं गाडगं करून घ्या, तोंडावर झाकणी सिमेंटनं बसवा, बुडाला पाण्यासाठी एक भोक ठेवा, आणि दोन ठिकाणी तारेनं बांधून हलणार नाही असं करा. सावलीतच.

भिंतीतलं मडकं मात्र लाकडी पेटीपेक्षाही सरस ठरतं. बहिणीचं बांधकाम चालू होतं तेव्हा तिनं गवंड्याकडून उत्तरेच्या भिंतीत, सज्जाच्या खाली, दहा फुटांवर दोन लहान मडकी आडवी बसवून घेतली. तोंडावर सव्वा इंचाचं भोक ठेवून बाकी लिंपलं, आणि पाणी आत जाऊ नये म्हणून तोंडाला किंचित खाली उतार दिला. नागपूरला मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या पुढे जातो. तेवढ्या उन्हाळ्यात बाहेर टांगलेल्या कुठल्याही पेटीत मी पिल्लांचा भरवसा धरणार नाही. जाड भिंतीच्या सावलीतल्या बाजूला मात्र ती निभावतात. त्यात एकच उणीव आहे: आतलं जुनं गवत काढायला आकडा घालून चाचपडावं लागतं. घर बांधत असाल किंवा गिलावा करून घेत असाल तर पेटीचा विचार सोडा, हेच करा. बांधून झालेल्या घरात फ्लॅटवाल्यांनी भिंत फोडू नये, त्यांना लाकडीच बरी.

पुठ्ठ्याचं खोकं आणि बाकीचं

बुटांचं खोकं शाळेतल्या मुलांसोबत करायला उत्तम. अर्ध्या तासात होतं, खर्च नाही. पण ते पक्क्या छपराखालीच लावायचं: व्हरांडा, दुकानाचं शटर, जिन्याचा कोपरा. आयुष्य एका विणीचं. सेलोटेप आतून लावू नका, पिल्लांची पिसं आणि पाय चिकटतात. बाहेरून कागदाच्या चिकटपट्टीनं बंद करा. पाऊस लागणाऱ्या बाल्कनीत खोकं लावणं म्हणजे पिल्लांचा जीव धोक्यात घालणं. ते कितीही फुकट असलं तरी तिथे नको.

प्लास्टिकची पेटी तापते, आत घाम धरते, भिंती गुळगुळीत असतात. माझ्या मते नको. नारळाची करवंटी चिमणीला लहान पडते. बांबूचं कांडं आतून चार इंच रुंद असेल तर चालतं, पण तेवढा जाड बांबू सगळीकडे मिळत नाही. विणलेली गवती घरटी पिंजऱ्यातल्या पक्ष्यांसाठी असतात. बाहेर लावली तर कावळे ती दोन दिवसांत उसवतात.

जागा

चांगली पेटी वाईट जागी फुकट जाते. साधी पेटी चांगल्या जागी भरते. आपल्याकडे पावसाळी वारा नैऋत्येकडून येतो आणि दुपारचं ऊन पश्चिमेचं, म्हणून तोंड पूर्वेला किंवा उत्तरेला. उंची आठ ते बारा फूट. वर छप्पर किंवा सज्जा, खाली मांजराला उडी मारता येईल अशी कुंडी, कठडा, गाडी नाही. पेटी भिंतीला घट्ट, झुलती नको. लाल मुंग्यांची वाट असेल तर खिळ्याला किंवा तारेला थोडं ग्रीस चोपडा. अन्नाची वाटी पेटीजवळ ठेवू नका, तिथे कावळे, खारी आणि कबुतरं जमतात आणि चिमणी बिचकते. घरात किंवा व्हरांड्यात पंख्याच्या आसपास तर अजिबातच लावू नका. चालू पंख्यात चिमणी सापडलेली मी लहानपणी पाहिली आहे, ते अजून डोळ्यांसमोरून जात नाही.

बाल्कनीला कबुतरांची जाळी असेल तर एक बघा: मोठ्या डोळ्याची, ताणून बसवलेली जाळी असली तर चिमणी आरपार ये-जा करते. सैल जाळीत पाय अडकतो. सैल असेल तर आधी ती ताणून घ्या, मग पेटी.

लावावी की नाही

दर वर्षी २० मार्चला जागतिक चिमणी दिन असतो. नाशिकच्या नेचर फॉरेव्हर सोसायटीच्या पुढाकारानं २०१० साली तो सुरू झाला, आणि त्या आसपास खूप पेट्या विकल्या आणि वाटल्या जातात. त्यातल्या पुष्कळ रिकाम्या राहतात. २०२० च्या 'स्टेट ऑफ इंडियाज बर्ड्स' अहवालानुसार देशभरात चिमण्यांची संख्या साधारण स्थिर आहे, घट दिसते ती मुंबईसारख्या महानगरांत. म्हणजे नुसती घरट्याची जागा हा प्रश्न नाही. चिमणी धान्य खात असली तरी पिल्लांना पहिले दिवस अळ्या आणि किडेच भरवते. औषध फवारलेल्या, फरशी घातलेल्या सोसायटीत ते मिळत नाहीत.

म्हणून पेटी घेण्याआधी आठवडाभर सकाळी कान देऊन ऐका. दोनतीनशे मीटरच्या परिसरात चिवचिवाट असेल, दुकानासमोर, मंडईत, बसस्टॉपवर चिमण्या दिसत असतील, तर पेटी लावा. तिथे तुमचा पैसा आणि श्रम कामी येतील. चिमणी मुळीच नसेल तर यंदा पेटी नको. त्याऐवजी पाण्याचं पसरट परळ, धुळीत अंघोळ करायला मातीचा एक कोपरा, आणि फवारणी न केलेली दोन-चार देशी झुडपं. फिरती चिमणी ती जागा हेरते, आणि पेटी त्यानंतर लावता येते.

लावण्याची वेळ दिवाळीनंतर, फार तर जानेवारी. विणीचा जोर फेब्रुवारी-मार्चमध्ये वाढायच्या आत पक्ष्यांना पेटीची सवय होते. पहिल्याच महिन्यात कोणी आलं नाही म्हणून जागा बदलू नका. आमच्या पुण्याच्या पेटीला सात महिने लागले. एक जोडी वर्षात दोन-तीनदा पिल्लं काढते, त्यामुळे साफसफाई पेटी पूर्ण शांत झाल्यावरच. हातमोजे, तोंडाला कापड, जुनं गवत बाहेर, पेटीला दिवसभर ऊन. त्यात मांज्याचे किंवा नायलॉनचे तुकडे सापडले तर बाल्कनीत दोरे पडू देऊ नका, पिल्लांच्या पायाला त्यांचे फास बसतात.

भोकातून गवताची काडी बाहेर डोकावू लागली की समजायचं, आत काम सुरू झालं. अंडी घातल्यापासून पिल्लं उडेपर्यंत साधारण महिना जातो. तेवढे दिवस बिजागरी उघडायची नाही, फोटोसाठीसुद्धा नाही. कपडे वाळत घालायची दोरी दुसरीकडे न्या, आणि बाल्कनीतून बघायचंच असेल तर खिडकीच्या काचेआडून, जरा मागे उभं राहून बघा.