आयक्यू-ट्री: आठ महिन्यांच्या वापरानंतर, विशेषतः ‘फेल्ड’ या एका शब्दाबद्दल

सह्याद्रीतल्या लहान पालींच्या एनडी२ जनुकावरून वंशवृक्ष काढण्यासाठी मी आठ महिने आयक्यू-ट्री हा संगणक प्रोग्राम वापरतो आहे, आणि गेल्या महिन्यापर्यंत मी त्याच्यावर नाराज होतो. ४१ सिक्वेन्सच्या, म्हणजे डीएनएतल्या अक्षरक्रमांच्या, वृक्षात एकाच पालीची फांदी इतरांपेक्षा कितीतरी लांब येई आणि थेट आउटग्रुपला (तुलनेसाठी घेतलेल्या दूरच्या नातलगाला) जाऊन चिकटे. डीएनए कसा बदलतो याचे मॉडेल बदलून पाहिले, सिक्वेन्सची टोके छाटली. तरी ती जागची हलेना, आणि त्या जागेला अल्ट्राफास्ट बूटस्ट्रॅपचा (फांदी किती खात्रीची, हे शंभरपैकी सांगणाऱ्या तपासणीचा) आधार मात्र १०० होता. दोष प्रोग्रामचाच, असे मी धरून चाललो होतो.

अखेर लॉग फाइल पहिल्या ओळीपासून वाचली. काम सुरू होताच हा प्रोग्राम प्रत्येक सिक्वेन्समध्ये किती टक्के जागा रिकाम्या आहेत ते छापतो आणि त्याच ओळीत ए, सी, जी, टी या डीएनएच्या चार अक्षरांचे प्रमाण एकूण अलाइनमेंटशी (एकाखाली एक जुळवून मांडलेल्या सगळ्या सिक्वेन्सशी) जुळते का, याच्या काय-वर्ग या संख्याशास्त्रीय चाचणीचा निकाल देतो. चाळीस ओळींपुढे ‘पास्ड’ होते. त्या पालीपुढे ‘फेल्ड’. पालींच्या एनडी२ मध्ये सी पुष्कळ आणि जी कमी असतो, इथे नेमके उलटे होते. बाहेरच्या प्रयोगशाळेने पाठवलेला तो सिक्वेन्स रिव्हर्स प्रायमरकडून, म्हणजे डीएनएच्या समोरच्या साखळीवरून उलट दिशेने, वाचलेला होता, फाइलवर तशी नोंद नव्हती, आणि मी तो न उलटवता अलाइनमेंटमध्ये घातला होता. अमिनो आम्लांत रूपांतर करून पाहिले असते, तर अधेमधे आलेल्या स्टॉप कोडॉनवरूनच (प्रथिन इथे संपले, असे सांगणाऱ्या खुणांवरूनच) चूक कळली असती.

त्यामुळे माझे मत बदलले, पण तक्रार उरली. नापास होणे म्हणजे चूकच, असे नसते. काही प्रजातींत हे प्रमाण खरोखरच वेगळे असते, म्हणून प्रोग्रामने काम थांबवू नये हे मला पटते. मात्र काम संपताना त्या नावांची पुन्हा आठवण करून द्यायला हवी, कारण शेवटी सगळ्यांचे लक्ष वृक्षाकडेच जाते.

बाकी कामगिरी उत्तम आहे. वीज गेली तरी झालेले काम साठवणाऱ्या चेकपॉइंट फाइलमुळे काम होते तिथून पुढे सुरू होते. अल्ट्राफास्ट बूटस्ट्रॅपचा आधार ९५ किंवा अधिक असेल तरच तो भक्कम मानावा. साध्या बूटस्ट्रॅपचा ७० चा निकष इथे लावू नये. प्रोग्राम विनामूल्य आहे, आणि माझ्या जुन्या लॅपटॉपवर विनातक्रार चालतो.

सिक्वेन्स उलटपूरक करून (क्रम उलटा आणि प्रत्येक अक्षराऐवजी त्याचे जोडीदार अक्षर) घातल्यावर ती पाल तिच्याच डोंगररांगेतल्या नमुन्यांशेजारी आली, आणि नमुना पुन्हा वाचून घेण्यासाठी बाजूला काढलेले पैसे वाचले.