पुण्याच्या कुकरात पिंतो: आठ महिन्यांनंतर

नवऱ्याची बदली साल्तियोला झाली तेव्हा सामानात पाच लिटरचा शिट्टीचा कुकर घेतला. वजनावरून घरात वाद झाला, पण घेतलाच. आठ महिन्यांत भातापेक्षा जास्त वेळा त्यात पिंतो, म्हणजे इकडचा ठिपकेदार राजमा, शिजलेत.

साल्तियो म्हणजे मेक्सिकोच्या उत्तरेकडच्या कोआविला राज्याची राजधानी. काळे फ्रिहोलेस, म्हणजे काळा राजमा, खायचे तर पूर्व किनाऱ्यावरच्या बेराक्रूसकडे जावं. इकडे ताटात पिंतोच. राजम्याच्याच जातीचा दाणा, पण लहान, पिवळट-गुलाबी आणि अंगावर तपकिरी ठिपके. शिजले की ठिपके गायब. पहिल्यांदा मी हिरमुसले होते.

पहिला महिना फजितीचाच गेला. सवयीने कांदा-टोमॅटो परतला, भिजवलेले दाणे टाकले, सहा शिट्ट्या काढल्या. रस्सा झकास, दाणे मात्र कचकचीत. दोष टोमॅटोचा. आंबटात साल मऊ पडत नाही, म्हणून टोमॅटो, लिंबू, चिंच सगळं दाणा शिजल्यावर. दुसरा घोटाळा शिट्ट्या मोजण्याचा. शिट्टी आचेवर अवलंबून, मग कधी पिठलं तर कधी खडे. आता पहिली शिट्टी झाली की गॅस बारीक आणि मिनिटं मोजायची. रात्रभर भिजवलेल्यांना वीस मिनिटं, न भिजवलेल्यांना पाऊण तास. हे शहर समुद्रसपाटीपासून 1600 मीटरवर आहे. इथे उघड्या पातेल्यातलं पाणी 95 अंशांच्या आतच उकळतं, म्हणून पातेल्यात तीन तास तरी जातात. त्याहून उंच मेक्सिको सिटीत तर कुकरावाचून आणखी वेळ लागेल.

शेजारच्या आजी म्हणतात, खरे फ्रिहोलेस मातीच्या ओयातच, म्हणजे मडक्यातच. त्यांच्या ओट्यावर मात्र ओया एक्सप्रेस, म्हणजे कुकरच! पण निवडणं त्यांच्याकडून शिकावं. टेबलावर दाणे पसरतात, बोटाने दोन-दोन, तीन-तीन ओढून मांडीवरच्या भांड्यात पाडतात आणि मधला खडा बाजूला सरकवतात. माझी आजी सूप घेऊन बसायची तशाच. तोंड अर्थातच चालू.

अर्ध्या किलोला दोन लिटर पाणी, अर्धा कांदा, दोन लसूण पाकळ्या आणि चमचाभर तेल. आजी मांतेका, म्हणजे डुकराची चरबी घालतात. आमच्याकडे चालत नाही. तेलाने फेसही आटोक्यात राहतो, आणि तो राहायलाच हवा. एकदा हावरेपणाने कुकर पाऊण भरला, तर शिट्टीतून गुलाबी फेस थेट भिंतीवर. व्हेंटची नळी सालीने बुजली होती. तेव्हापासून अर्ध्याच्या वर भरत नाही आणि दर वेळी नळीतून आरपार उजेड दिसतो का ते बघते.

गॅस बंद केल्यावर झाकणाला हात लावायचा नाही. शिट्टी उचलून वाफ काढली की आतलं पाणी खवळतं, साली फाटतात आणि रस्सा पिठूळ होतो. पंधरा-वीस मिनिटांत प्रेशर आपोआप उतरतं. तो रस्सा म्हणजेच पदार्थ. ना फोडणी, ना हळद. वर कच्चा कांदा, हिरवी मिरची, कोथिंबीर आणि सोबत इकडची पोळीसारखी लुसलुशीत मैद्याची तोर्तिया. मीठ आजी शेवटी घालतात. मी भिजवतानाच थोडं घालते, साल पातळ लागते.

उरलेलं दुसऱ्या दिवशी तेलावर परतून पावभाजीच्या स्मॅशरने ठेचायचं. हेच रेफ्रीतोस. नावावरून दोनदा तळलेले वाटतात, पण ‘रे’चा अर्थ इथे ‘चांगलं’ असा, म्हणजे छान परतलेले.

एक तक्रार आहेच. ‘पिंतो साल्तियो’ नावाच्या सुधारित वाणाची साल उशिरा काळवंडते, म्हणून रंगावरून जुनं-नवं कळत नाही. एका दुकानातून दोन किलो सुटे आणले, ते जुनेच असणार, तासभर शिजवूनही टचटचीत. अशा वेळी भिजवण्याच्या पाण्यात चिमूटभर खायचा सोडा घालते, पण चव थोडी साबणासारखी होते, हेही सांगून ठेवते. आता पाव किलो आणून आधी शिजवून बघते.

कुकरची रिंग मात्र सैल झालीय, तिला कांदा-लसणाचा वासही कायमचा बसलाय. इथल्या ओया एक्सप्रेसची रिंग बसवून बघितली, मापच वेगळं. डिसेंबरात सासूबाई येताहेत, त्यांना दोन आणायला सांगितल्यात.