चाळीस हदीसचं मराठी पुस्तक, आठ महिने वाचल्यावर

माझी शाळा फोंड्याला, सगळी मराठीतून. उर्दू वाचायची तर अक्षर न् अक्षर लावत बसावं लागतं, म्हणून इमाम नववींच्या चाळीस हदीसचं, म्हणजे प्रेषित मुहंमदांच्या (स.) उक्ती-कृतींच्या नोंदींचं, मराठी भाषांतर घेतलं. नाव चाळीस पण आत ४२ आहेत. हे इमाम नववी तेराव्या शतकातले, सीरियाचे. दुपारी दुकानात गिऱ्हाईक नसतं तेव्हा शिवणाचं मशीन थांबवून वाचते, आठवड्याला एकच.

पहिल्याच हदीसमध्ये नियतच्या जागी हेतू घातलाय ते मला पटलं नाही, आपण रोज म्हणतोच की अमक्याची नियत चांगली नाही. बाकी भाषा छान सोपी आहे.

सोळावीवर मी तीन आठवडे अडकले. एक माणूस प्रेषितांना (स.) म्हणतो मला काही उपदेश करा, ते म्हणतात रागावू नकोस, तो परत परत विचारतो आणि उत्तर तेच. तेव्हा चवथीची घाई होती, एका बाईने ब्लाउजची बाही तिसऱ्यांदा उसवायला लावली, तोंडावर आलेलं गिळलं आणि गप्प सुईत दोरा ओवत बसले, हात कापत होते तरी.

खोट म्हणाल तर खाली मूळ हदीसग्रंथाचं नाव, नुसतं बुखारी, मुस्लिम, तिर्मिझी असं छापलंय, क्रमांक नाही. मोबाईलच्या ॲपवर शोधावं तर आवृत्तीगणिक क्रमांक वेगळा. पण त्या शोधाशोधीत सनद म्हणजे काय ते कळलं, कोणी कोणाकडून ऐकलं त्याची साखळी, मधला एक जण गळला किंवा कच्च्या आठवणीचा निघाला की हदीस जईफ म्हणजे कमजोर ठरते.

आणि तिथेच मला धक्का बसला. ज्ञानासाठी चीनला जावं लागलं तरी जा, हे अब्बा माझी फी भरताना दरवेळी म्हणायचे, ते हदीसच्या सहा मुख्य ग्रंथांत नाहीच, विद्वान ते कमजोर मानतात, काहीजण तर बनावटच म्हणतात. दोन दिवस मला जेवण गोड लागलं नाही. मग मशिदीतल्या मौलानांना विचारलं, ते म्हणाले त्या सहांतल्याच इब्न माजामध्ये बघ, ज्ञान मिळवणं प्रत्येक मुसलमानावर फर्ज, म्हणजे बंधनकारक, आहे अशी हदीस आहे, अब्बांचं म्हणणं तेच होतं ना.

आता फॅमिली ग्रुपवर हदीस आली की आधी विचारते, कुठल्या किताबातली? काकी जरा रुसल्यात. लेकीच्या वहीच्या पहिल्या पानावर इब्न माजातली लिहून दिलीय, खाली किताबाचं नाव घालून.