राय कूडर साथीला बसतो तेव्हा

मी तबल्याची साथ करतो. गायनाला, सतारीला, कथकला, वेळ आली तर भजनालाही. त्यामुळे कुठलीही रेकॉर्ड लावली की माझा कान आधी साथीदाराकडे जातो. मुख्य कलाकार काय करतोय ते नंतर. अमेरिकी गिटारवादक राय कूडरची ‘अ मीटिंग बाय द रिव्हर’ ही सीडी मी गेली पंचवीस वर्षं अशीच ऐकत आलोय. परवा गिटार शिकणाऱ्या एका मुलाने विचारलं, ‘काका, राय कूडर ऐकायचा तर सुरुवात कुठून करू?’ मी हीच सीडी काढून त्याच्या हातात दिली. दुसऱ्या दिवशी तो जरा हिरमुसून परत आला. यात कूडर गात नाही, इलेक्ट्रिक गिटार नाही, रॉकचा तर मागमूस नाही. मग हीच का? त्याला जे सांगितलं ते इथे सविस्तर लिहितो.

आधी वस्तूबद्दल. ‘वॉटर लिली अकूस्टिक्स’ या छोट्या कंपनीने १९९३ साली ही सीडी काढली. चार वादनं, प्रत्येक दहा मिनिटांच्या आसपास, सगळं मिळून चाळीस मिनिटांना थोडं कमी. रेकॉर्डिंग सप्टेंबर १९९२ मधलं, कॅलिफोर्नियात सँटा बार्बराच्या एका चॅपलमध्ये, म्हणजे छोट्या प्रार्थनाघरात, झालेलं. एका बाजूला राय कूडर, हातात बॉटलनेक गिटार, म्हणजे तारांवर काचेची नळी सरकवून वाजवलेली; हिलाच स्लाइडही म्हणतात. दुसऱ्या बाजूला जयपूरचे पं. विश्वमोहन भट, मांडीवर मोहनवीणा, म्हणजे गिटारमध्ये फेरफार करून घडवलेलं त्यांचं वाद्य. तबल्यावर सुखविंदर सिंग नामधारी आणि डुंबेक या तालवाद्यावर कूडरचा मुलगा योआखिम, तेव्हा वय वर्षं चौदा. कूडर आणि भट यांची पहिली भेट वादन सुरू व्हायच्या जेमतेम अर्धा तास आधी झाली होती. तालीम नाही, ठरवाठरवी नाही. कंपनीचे कविचंद्रन अलेक्झांडर जुन्या पद्धतीने, व्हॉल्व्हच्या यंत्रांवर, थेट टेपवर ध्वनिमुद्रण करायचे. नंतर वरून काही चिकटवायचं नाही. जे वाजलं ते वाजलं.

मला ही पहिल्यांदा मिळाली ती कॅसेटवर उतरवून. वर बॉलपेनने ‘हवाईयन गिटार, दोन जण’ एवढंच लिहिलेलं. नावं ठाऊक नव्हती, तरी एवढं कळलं की एक आपल्याकडचा आहे आणि दुसरा नाही. आणि जो आपल्याकडचा नाही त्याला थांबता येतं. हे थांबणं मी आमच्या क्षेत्रातल्या फार थोड्या माणसांत पाहिलंय.

पहिल्या वादनात हे नीट ऐका. भट एक लांब मींड घेतात, एका स्वरावरून दुसऱ्यावर न तुटता घसरत जातात. मोहनवीणेला मुख्य तारांखाली बारा तरफा, म्हणजे आपोआप झंकारणाऱ्या तारा, आहेत, त्यामुळे मींड संपली तरी तिचा उजेड मागे रेंगाळतो. साधा वादक त्या उजेडात आपलं वाक्य घुसवतो, कारण शांतता सोसवत नाही. कूडर खालच्या जाड तारेवर एकच टोला देतो आणि काचेची नळी तारेवर हलकी थरथरवत ठेवतो. स्वर लाकडी, रुंद, थोडा खरखरीत. तरफा विझेपर्यंत तो वाट बघतो. मग दोन-तीन स्वरांत उत्तर देतो आणि पुन्हा मागे सरकतो. ‘जागा’ या शब्दाचे मराठीत दोन अर्थ आहेत, मोकळी सोडलेली आणि गळ्यातून घेतलेली. कूडर पहिली सोडतो म्हणून भटांना दुसरी घेता येते.

हे जमलं कसं, याचं एक कारण हातात आहे आणि एक आयुष्यात.

हातातलं आधी सांगतो. भट वाद्य आडवं ठेवून पोलादी दांडी तारांवर फिरवतात. कूडर गिटार नेहमीसारखी धरतो आणि काचेची नळी करंगळीत घालतो, म्हणजे बाकीची तीन बोटं मोकळी राहतात. दोघांचाही स्वर पडद्यांवर अवलंबून नाही. पियानोच्या दोन पट्ट्यांमध्ये जे हरवतं ते या दोघांना सापडतं. अमेरिकेतल्या काळ्या गायकांच्या ब्लूजमध्ये गंधार कोमल आणि शुद्ध यांच्या मधे कुठेतरी डोलत असतो. आपल्याकडे श्रुतींचा, म्हणजे स्वरांमधल्या सूक्ष्म अंतरांचा, विचार करणाऱ्याला यात परकं काही वाटत नाही. शिवाय ब्लूजवाले गिटारच्या तारा ‘ओपन’ लावतात, म्हणजे नुसत्या मोकळ्या तारा छेडल्या तरी स्वरमेळ वाजतो. चिकारीची, म्हणजे सतारीवर मधूनमधून छेडायच्या मोकळ्या तारांची, सवय असलेल्या कानाला तो आधार लगेच ओळखू येतो. त्यामुळे इथे दोन गोष्टी ओढूनताणून जोडलेल्या नाहीत. एका भिंतीची दोन घरं असावीत तसं आहे.

आता आयुष्यातलं कारण. कूडरचा जन्म १५ मार्च १९४७ चा, लॉस एंजलिसचा. चार वर्षांचा असताना सुरीने झालेल्या अपघातात डावा डोळा गेला. गिटार लहानपणीच हातात आली. विशीच्या आत ताजमहाल या काळ्या ब्लूज गायकाबरोबर ‘रायझिंग सन्स’ नावाचा बँड केला. त्यांनी ध्वनिमुद्रित केलेला अल्बम कंपनीने तेव्हा काढलाच नाही, तो निघाला थेट १९९२ मध्ये. पुढे रोलिंग स्टोन्स या ब्रिटिश रॉक बँडच्या रेकॉर्डवर मँडोलिन आणि स्लाइड वाजवली. ‘सिस्टर मॉर्फीन’मधली ती अंगावर येणारी स्लाइड त्याचीच. म्हणजे तारुण्यातला बराच काळ हा माणूस दुसऱ्याच्या गाण्यामागे बसला. मला तो पटतो तो इथेच.

१९७० पासून स्वतःच्या नावाने अल्बम काढायला लागला तेव्हाही निवड पाहा. जुने ब्लूज, मंदीच्या काळातली शेतकऱ्यांची गाणी, गॉस्पेल म्हणजे चर्चमधली भक्तिगीतं, सुरुवातीचा जॅझ. १९७६ च्या ‘चिकन स्किन म्युझिक’मध्ये टेक्सासचा मेक्सिकन अकॉर्डियनवादक फ्लॅको हिमेनेस आणि हवाईचा गिटारवादक गॅबी पहिनुई एकाच रेकॉर्डवर आले. १९७९ चा ‘बॉप टिल यू ड्रॉप’ हा मोठ्या कंपनीने डिजिटल पद्धतीने ध्वनिमुद्रित केलेला पहिला रॉक अल्बम म्हणून इतिहासात गेला. मला तो तितकासा भावत नाही, आवाज पातळ वाटतो. १९८४ च्या ‘पॅरिस, टेक्सास’ चित्रपटाला त्याने जवळजवळ एकट्या स्लाइडवर पार्श्वसंगीत दिलं. पाया होता ब्लाइंड विली जॉन्सनने १९२७ साली गायलेल्या एका रचनेचा. त्या गाण्यात शब्दच नाहीत, नुसते हुंकार आणि स्लाइड. ज्याला त्यावर अख्खा चित्रपट तोलून धरता येतो त्याला आलाप समजावून सांगावा लागत नाही.

‘फ्यूजन’ या शब्दाची मला थोडी धास्ती आहे, आणि ती उगाच नाही. काही वर्षांपूर्वी एका मोठ्या कार्यक्रमात मला बोलावलं होतं. मंचावर ड्रमसेट, बास, कीबोर्ड, आणि कानात यंत्राची टकटक. लय त्या टकटकीला बांधलेली. गायिका एका जागेवर क्षणभर रेंगाळली, तिला धरून मी ठेका किंचित सैल सोडला, तर यंत्र पुढे निघून गेलं आणि सगळे त्याच्या मागे. माझ्या डग्ग्याचा माइक तर बासच्या आवाजाखाली गाडलाच गेला होता. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी घरी आलो आणि ही सीडी लावली. इथे लय माणसांच्या हातात आहे. भट थोडे ओढतात, सुखविंदर सिंग सोडून देतात, कूडर बरोबर येतो. मला त्या रात्री तेच हवं होतं.

तबल्याबद्दल लिहायलाच हवं, कारण या सीडीच्या कौतुकात तो राहून जातो. सुखविंदर सिंग यांच्याकडे तयारी भरपूर आहे, पण ती ते खिशात ठेवतात. ठेका स्वच्छ, चाट (तबल्याच्या काठावरचा आघात) टोकदार, डग्ग्याची घुमार चॅपलच्या उंच छतापर्यंत जाऊन सावकाश खाली येते. त्या वास्तूचा आवाज चांगल्या हेडफोनवर स्पष्ट कळतो. शेजारी चौदा वर्षांचा मुलगा डुंबेक वाजवतोय. हे अरबी वाद्य पेल्यासारख्या आकाराचं, काठावर मारलं की कडक ‘टक’ येतो, मधे मारलं की ‘दुम’. काठाचा आवाज तबल्याच्या किनारीशी भांडू शकतो, दोन्ही एकाच उंचीवरचे. मुलगा तिथे जातच नाही. खालचा ‘दुम’ अलगद ठेवतो आणि गप्प बसतो. घरात बापाला ऐकून ऐकूनच हे आलं असणार. पुढे तो बापाच्या अल्बमवर ड्रम वाजवायला लागला, आणि आजही वाजवतो.

तक्रार एक आहे. तिसरं वादन, ‘गंगा डेल्टा ब्लूज’. नावातच दोन नद्यांची मोट बांधली आहे, एक गंगा आणि दुसरी ‘डेल्टा ब्लूज’वाली मिसिसिपी, आणि वादनही तसंच आहे. दोघांना एक सोयीचा झोका सापडतो आणि मग ते त्यातून बाहेर पडत नाहीत. वाजतं गोड, पण पहिल्या दोन वादनांतला ‘आता हा काय करेल’ हा ताण सुटतो. सवाल-जवाबही इथे ठरीव होतात. नव्या श्रोत्याला बहुधा हेच सर्वांत आधी आवडेल. माझ्या मते ते चारांत सर्वांत खालचं आहे.

मग ‘तो गात नाही’ ही त्या मुलाची तक्रार. खरं आहे. कूडरचा आवाज मोठा नाही, थोडा नाकातला, गप्पा मारल्यासारखा. १९८७ नंतर त्याने स्वतःच्या नावाचा गायनाचा अल्बम काढला तो एकदम २००५ मध्ये, ‘चावेस रवीन’. लॉस एंजलिसमधली मेक्सिकन लोकांची वस्ती उठवली गेली, पुढे तिथे बेसबॉलचं मैदान झालं, त्या वस्तीची ही गाणी. इंग्रजी आणि स्पॅनिश दोन्ही. त्यातसुद्धा तो महत्त्वाच्या जागी म्हाताऱ्या मेक्सिकन गायकांना पुढे करतो. स्वतःच्या अल्बमवर दुसऱ्याला गाऊ देणारा गायक मी तरी फार पाहिले नाहीत.

आणि क्यूबा. मार्च १९९६ मध्ये हवानाच्या एग्रेम स्टुडिओत आफ्रिकेतल्या मालीचे आणि क्यूबाचे वादक एकत्र आणायचा बेत होता. मालीचे लोक पोहोचू शकले नाहीत. मग शहरातले जुने कलाकार गोळा केले. ८८ वर्षांचा कोम्पाय सेगुंदो, ७६ वर्षांचा पियानोवादक रुबेन गोन्सालेस, ज्याच्या घरी पियानो उरला नव्हता, आणि ६९ वर्षांचा इब्राहिम फेरेर, ज्याच्यावर बूटपॉलिश करायची वेळ आली होती. सहा दिवसांत ‘बुएना व्हिस्टा सोशल क्लब’ हा अल्बम तयार झाला. १९९७ मध्ये तो निघाला आणि या म्हाताऱ्यांना जगाने डोक्यावर घेतलं. क्यूबाशी व्यवहार केला म्हणून अमेरिकी सरकारने कूडरला २५,००० डॉलर दंड ठोठावला. त्या रेकॉर्डवर त्याची गिटार शोधावी लागते, पडद्यामागे दिवा ठेवावा तशी. ती काढून टाकली तर खोली किती अंधारते ते कळेल.

‘अ मीटिंग बाय द रिव्हर’ला १९९४ मध्ये वर्ल्ड म्युझिकचं ग्रॅमी मिळालं. पुढच्याच वर्षी त्याच विभागात पुन्हा कूडर, या वेळी मालीच्या अली फार्का तुरेबरोबर ‘टॉकिंग टिंबक्टू’साठी. तिथेही तो पाहुण्यासारखा बसलाय, यजमानाच्या ताटाकडे हात न नेता.

शेवटचं वादन, ‘ईसा लेई’. हे फिजीचं निरोपाचं गाणं. इथे ना भारत, ना अमेरिका. दोघांपैकी कुणाच्याच घरचं नाही, म्हणून दोघेही सारखेच हळू चालतात. धून साधी आहे, लहान मूलही गुणगुणेल. भट तानेला हात लावत नाहीत. कूडर खाली आधार धरतो, मग एका वळणावर धून स्वतःकडे घेतो, एकदा म्हणतो आणि परत देतो. तबला जेमतेम आहे. मी इतकी वर्षं साथ केली, पण इतकं कमी वाजवून इतकं पुरेसं वाटावं असा प्रसंग माझ्या वाट्याला दोन-तीनदाच आला.

घ्यायची की नाही? नक्की घ्या. शक्यतो सीडी किंवा एलपीच घ्या, कारण दाबून छोट्या केलेल्या फाइलीत तरफांचा रेंगाळणारा उजेड आधी मरतो. वाजवताना आवाज फार मोठा ठेवू नका. रात्री, दाराखिडक्या लावून, क्रमाने ऐका. त्या मुलाला मी सीडी पुन्हा दिली आणि फक्त चौथं वादन ऐकून ये म्हटलं. आठवडा झाला, अजून परत केलेली नाही. काल फोनवर विचारत होता, करंगळीत घालायची काचेची नळी कुठे मिळेल.