चहा आणि पाव: परका कोण, आपला कोण?

सकाळी चहात पाव बुडवताना दोन साम्राज्यं एकाच बशीत येतात. पण दोघांचा प्रवास सारखा नाही.

चहा मळ्यांतून आला. 1839 मध्ये लंडनमध्ये आसाम कंपनी स्थापन झाली. पुढे छोटा नागपूरच्या आदिवासींना करारात बांधून मळ्यांवर नेलं गेलं, आणि त्यांच्या हाल-अपेष्टांवर हा धंदा उभा राहिला. भारतीयांना चहाची सवय विसाव्या शतकात जाहिरातींनी लावली. रेल्वे स्थानकांवर तो कसा करायचा हेही शिकवलं गेलं. आपण मात्र त्यात दूध, साखर, आलं, वेलची घालून उकळला. पत्ती कमी लागते म्हणून विक्रेत्यांना हे रुचत नव्हतं!

पावाची गोष्ट मला अधिक जवळची वाटते. पोर्तुगीजांनी 1510 मध्ये गोवा जिंकला. त्यांना पाव हवा होता, पण यीस्ट नव्हतं. मग माडाच्या सुरेनं, म्हणजे माडीनं, पीठ फुगवलं. भट्टी गावातच, पोदेर (पाव भाजणारा) गावचाच, आणि कोंडा लावलेली पोळीसारखी चपटी पोई तर लिस्बनच्या नव्हे, गोव्याच्या हातची. धर्मांतराच्या काळात हाच पाव बाटण्याची खूण होता, हेही विसरता येत नाही. पुढे गोंयकार बेकऱ्यांनी तो मुंबईत नेला आणि तिथे तो मिसळ, वडा, भाजी अशा सगळ्यांच्या पंगतीत बसला.

म्हणून माझं मत पावाला. चहा आपण स्वयंपाकघरात आपला केला, पाव भट्टीपासूनच. आता माडाची सूर काढणारे रेंदेर कमी झाल्यानं गोव्यातही बहुतेक भट्ट्यांत यीस्टच वापरतात.