पॉलिसी बंद करून देतो म्हणणारा फोन: महू-इंदूरच्या निवृत्त सैनिकांसाठी

"जय हिंद साहब, आपकी पॉलिसी की फाइल हमारे पास पेंडिंग पड़ी है."

फौजेतून निवृत्त होऊन महूत किंवा इंदुरात घर केलेल्या माणसाला हा फोन आज ना उद्या येतो. बोलणारा तुमचा हुद्दा सांगतो, पॉलिसीचा क्रमांक सांगतो, शेवटचा हप्ता किती रुपयांचा गेला तेही सांगतो. मग म्हणतो, एजंटने तुम्हाला फसवलंय, आम्ही इर्डातून बोलतोय, पॉलिसी रद्द करून सगळे पैसे बोनससकट काढून देतो. एजंटने फसवलं हे त्याचं वाक्य पुष्कळदा खरंच असतं. म्हणूनच माणूस फोन ठेवत नाही.

इर्डा, म्हणजे विमा कंपन्यांवर देखरेख ठेवणारी हैदराबादची सरकारी संस्था, कुणाला फोन करून पॉलिसी विकत नाही, बोनस वाटत नाही आणि अडकलेले पैसेही सोडवून देत नाही. विमा ग्राहकांच्या तक्रारींवर निवाडा देणाऱ्या विमा लोकपालाचं कार्यालयही स्वतःहून फोन करून पैसे मागत नाही. तुमची माहिती त्या माणसाकडे आहे एवढ्यावरून तो अधिकृत ठरत नाही. विमा विकताना भरलेला फॉर्म किती हातांतून जातो हे ज्याने पाहिलंय त्याला याचं नवल वाटणार नाही.

पैशांची मागणी दुसऱ्या-तिसऱ्या फोनला सुरू होते आणि प्रत्येक मागणीला एक कायदेशीर वाटणारं नाव असतं. पहिलं नाव 'एजंट कोड'. तुमच्या पॉलिसीला एजंटचा कोड चिकटलेला आहे, कमिशन त्याला जातंय, अमुक रक्कम भरलीत की कोड निघेल आणि ते कमिशन तुम्हाला मिळेल, असं सांगतात. विमा कायद्याच्या कलम ४१ नुसार विमा काढण्यासाठी कमिशनचा भाग ग्राहकाला देणं हाच गुन्हा आहे आणि त्याला १० लाख रुपयांपर्यंत दंड आहे. तेव्हा असं कमिशन तुमच्या खात्यात येण्याचा कोणताही मार्ग अस्तित्वात नाही. दुसरं नाव टीडीएस, म्हणजे पैसे देतानाच कापला जाणारा प्राप्तिकर. विमा कंपनी टीडीएस लागू असेल तर देय रकमेतून कापून घेते आणि उरलेली रक्कम खात्यात टाकते. आधी टीडीएस भरा मग पैसे सोडू, असं खरी कंपनी कधीच म्हणत नाही. तिसरं नाव जीएसटी. २२ सप्टेंबर २०२५ पासून वैयक्तिक आयुर्विम्याच्या हप्त्यावर जीएसटी शून्य आहे, आणि त्याआधी होता तोही हप्त्यावर होता, परत मिळणाऱ्या पैशांवर कधीच नव्हता.

सगळ्यात महागात पडते ती चौथी मागणी. जुनी पॉलिसी रद्द व्हायला सिस्टममध्ये 'सिक्युरिटी' म्हणून एक नवी पॉलिसी दाखवावी लागेल, महिनाभरात दोन्हींचे पैसे एकदम येतील, असं सांगतात. ही नवी पॉलिसी खरी असते. बाँड, म्हणजे पॉलिसीचा छापील दस्तऐवज, घरी येतो, कंपनीच्या साइटवर क्रमांक दिसतो आणि मनातली शंका मिटते. विकणाऱ्याला मात्र पहिल्या वर्षाचं कमिशन मिळून गेलेलं असतं, आणि तुमच्या गळ्यात आता एकाऐवजी दोन पॉलिसी असतात.

पॉलिसी बंद करताना खिशातून पैसे देण्याची वेळ जवळजवळ येतच नाही. पॉलिसीवर कर्ज घेतलं असेल तर तेदेखील व्याजासह देय रकमेतून वळतं होतं. बाँड हरवला असेल तर नुकसानभरपाईचं हमीपत्र स्टॅम्पपेपरवर द्यावं लागतं, तेवढा खर्च होतो. तो स्टॅम्पपेपर तुम्ही स्वतः विकत घेता, कुणाच्या यूपीआयवर पैसे पाठवत नाही.

आता मुळातली पॉलिसी येते कुठून, ते बघायला हवं. निवृत्तीनंतर ग्रॅच्युइटी, पेन्शन विक्रीची रक्कम, रजेचे पैसे आणि फंड, सगळं एकाच खात्यात थोड्या काळात जमा होतं. बँकेतल्या रिलेशनशिप मॅनेजरला ते पडद्यावर दिसतं. तो चहा मागवतो आणि 'एफडीसारखंच, पण जास्त व्याज, एकदाच भरायचं' असं सांगून सह्या घेतो. कागदावर ती दहा वर्षं हप्ते भरायची पॉलिसी असते. पुढच्या वर्षी त्याच महिन्यात खात्यातून ३ लाख कापले जातात तेव्हा ते कळतं. ही फसवणूक बाहेरच्या ठगाची नसते, काचेच्या केबिनमध्ये बसून, तुमच्या सहीने झालेली असते. म्हणून ती अंगावर येईपर्यंत लक्षात येत नाही.

बाँड हाती आला की त्यातली पाच ठिकाणं त्याच दिवशी वाचा. हप्ता भरण्याची मुदत किती वर्षं लिहिली आहे. विमा कुणाच्या आयुष्यावर आहे. तुमचं वय जास्त असल्यामुळे मुलाच्या किंवा सुनेच्या नावावर काढून दिलेला असतो, असे कितीतरी बाँड असतात. उत्पन्न आणि व्यवसाय काय लिहिलाय. निव्वळ पेन्शनवर जगणाऱ्याला शेती किंवा धंद्याचं मोठं उत्पन्न दाखवलेलं असतं, कारण त्याशिवाय एवढा हप्ता मंजूरच होत नाही. मोबाइल नंबर आणि ईमेल कुणाचा आहे. आणि पत्ता कोणता. फौजी माणसाच्या बाबतीत पत्त्याची गफलत फार होते: पॉलिसी घेताना सरकारी क्वार्टरचा पत्ता दिलेला असतो, बाँड तिकडे जातो, तुम्ही तोवर इंदूरच्या सुदामानगरात किंवा गावी. मोबाइल एजंटचा लिहिलेला असेल तर विमा कंपनीचा खातरजमेचा फोनही त्यालाच गेला, असं समजा.

या वाचनाची घाई करायला हवी, कारण बाँड मिळाल्यापासून ३० दिवसांत पॉलिसी परत करता येते. याला फ्री लुक म्हणतात. १ एप्रिल २०२४ पासूनच्या नियमांत ही मुदत ३० दिवसांची आहे, पॉलिसी कागदी असो वा ईमेलने आलेली. परत मिळताना कापतात काय, तर तेवढ्या दिवसांच्या विमा जोखमीचा हप्ता, वैद्यकीय तपासणी झाली असल्यास तिचा खर्च आणि स्टॅम्प ड्युटी. विमा रकमेच्या दर हजारी २० पैसे, या दराने ३० लाखांच्या पॉलिसीवर स्टॅम्प ड्युटी ६०० रुपये होते. म्हणजे ३ लाखांतले जवळपास सगळे पैसे परत येतात. मॅनेजरला हे ठाऊक असतं, म्हणून तो फक्त तीस दिवस काढायच्या मागे असतो. 'साहेब, पुढच्या आठवड्यात सिंगल प्रीमियममध्ये कन्व्हर्ट करून देतो', 'बाँड माझ्याकडेच राहू द्या, मीच अर्ज करतो', 'आमचे सर सुटीवर आहेत'. यातलं एकही वाक्य ऐकलंत तर दुसऱ्या दिवशी विमा कंपनीच्या शाखेत स्वतः जा. बँकेच्या शाखेत नको, कंपनीच्या.

अर्ज साधा असतो. पॉलिसी क्रमांक, बाँड कोणत्या तारखेला मिळाला ती तारीख, 'फ्री लुक मुदतीत पॉलिसी रद्द करून हप्ता परत करावा' हे वाक्य, कारण एका ओळीत, पॅनची प्रत आणि रद्द केलेला चेक. बाँड द्यायच्या आधी त्याच्या प्रत्येक पानाचा फोटो काढून ठेवा. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर तारीख आणि शिक्का घेतल्याशिवाय काउंटरवरून हलू नका, आणि तोच अर्ज त्याच दिवशी कंपनीच्या ईमेलवरही पाठवा. बाँड ज्या पाकिटातून आला ते पाकीट फेकू नका, स्पीड पोस्टचा क्रमांक हाच तुमचा पुरावा. कस्टमर केअरला फोन करून 'सांगितलं' याला काही अर्थ नसतो. कंपनीने अर्ज मिळाल्यापासून ७ दिवसांत पैसे परत करायचे असतात. सोबत बँकेत जाऊन आपोआप हप्ता कापण्याचा नॅच आदेशही लेखी बंद करा. पॉलिसी रद्द झाली तरी आदेश जिवंत राहिला तर पैसे पुन्हा कापले जाण्याची भीती राहते.

तीस दिवस उलटून गेले असतील तर हिशेब कडवट आहे, पण तो डोळ्यांसमोर मांडलेला बरा. वर्षाला ३ लाख हप्ता, दहा वर्षं भरायचे, पॉलिसी वीस वर्षांची, विमा ३० लाखांचा. दोन हप्ते भरून मोडली तर हमी मूल्य, म्हणजे कंपनीला द्यावीच लागणारी किमान रक्कम, भरलेल्या हप्त्यांच्या ३० टक्के, म्हणजे ६ लाखांचे १ लाख ८० हजार. तीन हप्ते भरल्यावर ३५ टक्के, ९ लाखांचे ३ लाख १५ हजार. चौथ्या ते सातव्या वर्षात ५० टक्के. याच्या शेजारी विशेष सरेंडर (म्हणजे मुदतीआधी मोडण्याचं) मूल्य नावाची दुसरी रक्कम असते आणि दोन्हींतली जास्त असेल ती मिळते. ऑक्टोबर २०२४ नंतरच्या नियमांत पहिल्या वर्षाचा पूर्ण हप्ता भरून वर्ष झालं असेल, तरी विशेष मूल्य द्यावं लागतं. म्हणून 'एकच हप्ता भरलाय, काहीच मिळणार नाही' हे ऐकून गप्प बसू नका.

दुसरा मार्ग पेड-अपचा. हप्ते थांबवायचे, पॉलिसी मोडायची नाही. दहापैकी दोन हप्ते भरलेले, तर ३० लाखांच्या दोन दशांश, ६ लाख, मुदतीअखेर मिळतात. ऐकायला ६ लाख मोठे वाटतात. पण आजचे १ लाख ८० हजार ७ टक्क्यांनी वाढत गेले तर उरलेल्या १८ वर्षांत साधारण तेवढेच होतात. कंपनीकडून दोन्ही आकडे लेखी मागवा आणि मग ठरवा.

तरुणपणी, नोकरीत असताना काढलेली जुनी पॉलिसी मात्र कुणाच्या सांगण्यावरून मोडू नका. तिचा बोनस वर्षानुवर्षं साचलेला असतो आणि शेवटचा जादा बोनस जाहीर झालाच तर मुदत पूर्ण करणाऱ्याला. 'ती मोडा, हिच्यात टाका' म्हणणाऱ्याचा डोळा नव्या पॉलिसीच्या कमिशनवर असतो. पैशांची खरोखर नड असेल तर तिच्यावर कर्ज काढता येतं.

सेवेतल्या विम्याबद्दल दोन गोष्टी. आर्मी ग्रुप इन्शुरन्स फंडाच्या निवृत्तीनंतरच्या विम्याचा हप्ता निवृत्तीच्या रकमेतून एकदाच कापलेला असतो. 'तुमची एजीआय पॉलिसी सरेंडर करून देतो' असं म्हणणारा सरळ खोटं बोलतोय; त्या विम्याचं प्रमाणपत्र बायकोच्या हाती लागेल अशा जागी ठेवा. दुसरी गोष्ट टपाल विम्याची. सेवेत असताना हप्ता पगारातून जातो, निवृत्तीनंतर तो आपोआप थांबतो, पण पॉलिसी चालूच असते. तीन वर्षांहून जुन्या पॉलिसीचे १२ महिने हप्ते थकले की ती बंद पडते, आणि 'लॅप्स पॉलिसी का बोनस' वाला फोन नेमक्या अशाच माणसाला खरा वाटतो. शेवटच्या कपातीची पावती घेऊन पोस्टात जा, पॉलिसी तिथे वर्ग करून घ्या. मोडायचीच असेल तर बहुतेक टपाल पॉलिसी तीन वर्षांनंतर मोडता येतात, मात्र पाच वर्षांच्या आत मोडल्यास बोनस मिळत नाही.

फोनवरच्या ठगाकडे पैसे गेलेच असतील तर त्याच तासात १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन. व्यवहाराचा यूटीआर क्रमांक हाताशी ठेवा. समोरच्या खात्यातून रक्कम पुढे जाण्याआधी ती गोठवता आली तरच हाती काही लागतं. त्या ठगाने पुन्हा फोन केला तर भांडू नका, बोलूच नका.

बँकेने चुकीची पॉलिसी विकली असेल तर आधी विमा कंपनीच्या तक्रार अधिकाऱ्याला लेखी तक्रार, सोबत इर्डाच्या बिमा भरोसा पोर्टलवर नोंद किंवा १५५२५५ वर फोन. तक्रारीत 'मला फसवलं' एवढंच लिहून भागत नाही. पेन्शनचा आकडा आणि फॉर्मवरचं उत्पन्न शेजारी-शेजारी मांडा, एजंटचा मोबाइल नंबर दाखवा, खातरजमेच्या फोनचं रेकॉर्डिंग मागा. महिनाभरात उत्तर आलं नाही किंवा नकार आला, तर विमा लोकपाल. मध्य प्रदेशासाठी ते भोपाळला आहेत, ५० लाखांपर्यंतची भरपाई देऊ शकतात, आणि नकारापासून वर्षाच्या आत तक्रार जायला हवी. फी नाही, वकील चालत नाही; तुम्ही स्वतः बोलायचं असतं. ग्राहक आयोगात आधीच खटला टाकला असेल तर लोकपाल तक्रार घेत नाहीत, म्हणून कुठे जायचं ते आधी ठरवा. निवाडा तुमच्या बाजूने लागला तर कंपनीला तो ३० दिवसांत पाळावा लागतो. सुनावणीला बाँड, फॉर्मची प्रत, पेन्शनची पावती, शिक्का मारलेला अर्ज आणि ते स्पीड पोस्टचं पाकीट बरोबर न्या.